पत्र वाटेत असेल

गेल्या भाऊबीजेची गोष्ट. पाटावर भाऊ बसवायचा, त्या पाटावर मी पितळेचा तांब्या ठेवला आणि तांब्याला टेकवून फोन उभा केला. काचेत धाकटा भाऊ दिसू लागला. मागे त्याच्या हिंजवडीच्या फ्लॅटमधला पडदा. निरांजन लावले, सुपारी फिरवली, ओवाळू लागले. तो म्हणाला, "अक्का, फोन जरा मागं घे, दिवा दिसंना झालाय." मी फोन मागे घेतला. त्याने मान लववली. आता कुंकू लावायचे ते कोणाच्या कपाळाला, या विचारात मी घुटमळले, तोच टिंग असा आवाज झाला आणि एक हजार एक रुपये माझ्या खात्यात येऊन पडले. त्याच्या बायकोने त्या प्रसंगाचा फोटो घेतला आणि तो मिनिटाभरात आमच्या कुटुंबाच्या ग्रुपवर आला. त्याखाली अठरा जणांनी हात जोडले. माझी आई तेवढ्यात भिंतीशी टेकून म्हणाली, "काचेला ओवाळलंस व्हय?"

हिंजवडी म्हणजे काही अमेरिका नव्हे. कोल्हापूरहून निघालेली एस. टी. पाच-साडेपाच तासांत पुण्याला पोचते. भाऊ आजारी नव्हता, त्याला रजा होती, आमच्यात भांडण नाही. तो आला नाही, कारण न येताही भाऊबीज होण्याची सोय झाली होती. मला या लेखात जे म्हणावयाचे आहे त्याचे मूळ या एका प्रसंगात आहे.

वाचकहो, मोबाईलला शिव्या देणारा लेख हा आता दिवाळी अंकातला चकलीसारखा ठरलेला पदार्थ झाला आहे. तो खमंग असतो, सर्वांना आवडतो, आणि खाऊन झाल्यावर हात पुसून आपण पुन्हा फोन उचलतो. तसा लेख लिहिण्याची माझी इच्छा नाही. मी मॅट्रिकपर्यंत शिकलेली बाई, शिशुवर्गाला शिकवते आणि उरल्या वेळात कादंबऱ्या लिहिते. समाजशास्त्राची परिभाषा मला येत नाही. परंतु माणसे एकमेकांच्या जवळ कशी येतात आणि एकटी कशी पडतात, हा तर कादंबरीकाराच्या रोजच्या धंद्यातला प्रश्न आहे. तेव्हा त्या बाजूनेच मी याकडे पाहीन.

जवळिकीचा विषय निघाला की आपल्याकडचे रसिक पत्रांकडे वळतात. ते स्वाभाविक आहे. मराठीत पत्रांची श्रीमंती मोठी. साने गुरुजींनी पुतणी सुधाला लिहिलेली 'सुंदर पत्रे' आमच्या पिढीने शाळेत असताना वाचली. पुढे २००३ साली सुनीताबाई देशपांडे यांचे 'प्रिय जी. ए.' आले. जी. ए. कुलकर्णी धारवाडला राहणारे, सभासमारंभांपासून दूर असलेले, सुनीताबाई पु. लं.च्या सदा भरलेल्या घरातल्या. प्रत्यक्ष भेटी मोजक्याच. तरीही त्या पत्रांतून जे नाते उभे राहिले, ते एका छपराखाली चाळीस वर्षे राहिलेल्या अनेक जोडप्यांच्या वाट्याला येत नाही. ही पत्रे वाचून मिटली की कोणीही हळवा होऊन म्हणतो, हे व्हॉट्सॲपवर झाले असते का?

प्रश्न बरोबर आहे. पण तो विचारताना आपण एक गोष्ट विसरतो. तो पत्रव्यवहार दोन असामान्य माणसांचा होता. दोघांच्या हातात भाषा होती, टेबल होते, आणि लिहिलेले दुसरे कोणी वाचणार नाही ही खात्री होती. त्या काळच्या महाराष्ट्रात ही तिन्ही किती जणींपाशी होती?

माझी आजी गडहिंग्लज भागातल्या एका खेड्यात राहत असे. आजोबा मुंबईला गिरणीत. त्या टापूतल्या, आजरा-चंदगडच्या घराघरांतला एक पुरुष तेव्हा मुंबईच्या खात्यावर मांडलेला असे. महिन्याला मनीऑर्डर यायची. मनीऑर्डरच्या फॉर्माला खाली एक चतकोर कूपन असे. त्यावर मजकुराला जागा दोन-तीन ओळींची. आजोबांची नवऱ्याची सारी भाषा त्या दोन ओळींत मावत होती: खुशाल आहे, म्हैस विकू नये, पोराला शाळेत घालावे. आजीला वाचता येत नव्हते. पोस्टमन उंबऱ्याशी बसून ते मोठ्याने वाचायचा. ऐकायला सासू, दीर, जावा, शेजारची म्हातारी. आजी दाराआड. उत्तर धाकटा दीर लिहायचा. आता दिराच्या हातून नवऱ्याला बाईने काय लिहावे? तिने एक युक्ती काढली होती. "परड्यातल्या शेवग्याला औंदा शेंग न्हाई" असे ती पत्राच्या शेवटी लिहवून घ्यायची. परड्यात शेवगा नव्हताच. त्याचा अर्थ, जिवाला बरे नाही, येऊन जा. आजोबांना तो कळत असे आणि रजा मिळाली तर ते येत. रजा मिळत नसे तेव्हा पुढल्या कूपनावर येई: शेवगा पुढल्या साली धरेल.

अण्णाभाऊ साठ्यांनी मैनेच्या छक्कडीत मुंबईला गेलेल्या पुरुषाचा विरह सांगितला आणि तो साऱ्या महाराष्ट्राने डोक्यावर घेतला. ते योग्यच झाले. पण गावावर राहिलेल्या मैनेला स्वतःच्या तोंडाने बोलण्याची सोय नव्हती, ती मिळायला फार वर्षे लागली. ती सोय या चार बोटांच्या यंत्राने दिली, हे ज्याला दिसत नाही त्याने मोबाईलवर टीका करू नये. आज माझ्या वर्गातल्या एका मुलाची आई ऊसतोडीच्या टोळीबरोबर कागल भागात असते, मूल आजीपाशी. ती बाई निरक्षर आहे. रात्री फडावरून आल्यावर ती आवाजाचा निरोप पाठवते आणि पोर तो पाच-पाच वेळा ऐकते. तिला कोणत्याही दिराची गरज लागत नाही.

तेव्हा पत्र चांगले आणि फोन वाईट, इतके हे सोपे नाही.

मग माझ्या आईला काचेला ओवाळलेले का खुपले? ती काही फोनच्या विरुद्ध नाही. उलट तिच्या उशाशी तो असतो. येथे मला माझ्या धंद्यातली एक अडचण सांगू द्या. तीन वर्षांपूर्वी मी एक कादंबरी लिहीत होते. नायिका कोल्हापुरात, मंगळवार पेठेत. तिचा मित्र नाशिकला. दोघांत गैरसमज व्हावयाचा आणि तो दहा प्रकरणे टिकावयाचा, अशी योजना होती. लिहावयास बसले आणि लक्षात आले की गैरसमज टिकतच नाही. वाचक म्हणणार, अहो, तिने फोन का नाही केला? जुन्या कादंबरीकाराला हा प्रश्न कोणी विचारत नव्हते. त्याच्याकडे उशिरा पोचलेले पत्र होते, दुसऱ्याच्या हाती पडलेले पत्र होते, पावसात पुसलेला पत्ता होता. मराठी कादंबरीची निम्मी कथानके टपालखात्याच्या जिवावर चालली आहेत असे म्हटले तर अतिशयोक्ती होईल, पण फार नाही. मी काय केले असेल? नायिकेचा फोन मी रंकाळ्यात पाडला. संपादकांनी समासात लिहिले, "दुसरा घेईल की." मी ते प्रकरण फाडले.

पण त्या फाडण्यातून मला एक उमगले. पूर्वी दोन माणसांमध्ये विलंब होता आणि तो विलंब कोणाचाच दोष नव्हता. मुलाचे पत्र आले नाही की म्हातारी म्हणायची, वाटेत असेल. पूर आला असेल, पोस्टमन आजारी असेल, पत्ता चुकला असेल. या "वाटेत असेल"मध्ये माणसाची अब्रू राखली जात होती. लिहिणाऱ्याची आणि वाट पाहणाऱ्याचीही. मुलगा विसरला आहे हे कदाचित खरे असे, पण ते मान्य करण्याची सक्ती कोणावर नव्हती. आज वाट उरलेली नाही. निरोप क्षणात पोचतो, पोचल्याची खूण दिसते, वाचल्याच्या दोन निळ्या रेघा दिसतात, आणि तो माणूस आत्ता या घटकेला दुसऱ्या कोणाशी बोलतो आहे हेही दिसते. आता न आलेल्या उत्तराला एकच अर्थ उरतो. हा एकटेपणा नवा आहे. दूर असल्याचा एकटेपणा आपण ओव्यांपासून ओळखतो; हाताशी असून न उचलले गेल्याचा एकटेपणा आपल्या साहित्याने अजून नीट पाहिलेला नाही.

जयवंत दळवींचे 'संध्याछाया' १९७३ च्या सुमारास रंगभूमीवर आले. नाना आणि नानी, एक मुलगा अमेरिकेत, दुसरा सैन्यात. दोन म्हातारी माणसे, एक घर, आणि न संपणारी दुपार. अनेकांनी ते नाटक रडत पाहिले. त्यावर चर्चा करताना हल्ली एक वाक्य ऐकू येते: "त्या काळी व्हिडिओ कॉल असता तर ते बिचारे वाचले असते." मला हे पटत नाही. मी कल्पना करून पाहते. दर रविवारी सकाळी नवाला पडद्यावर मुलगा येतो. औषध घेतलंत का? पाऊस पडला का तिकडे? बाबा, कॅमेऱ्यात बघा, छताकडे नको. नानी नातवाला हाक मारते, नातू दोन बोटे हलवून निघून जातो. बारा मिनिटे होतात. आणि मग? दळवींच्या नाना-नानींपाशी निदान मुलाची एक स्वतःची मूर्ती होती, आठवणीतून घडवलेली. त्या मूर्तीशी ती बोलू शकत होती. पडद्यावरचा मुलगा खरा असतो, घाईत असतो, आणि दर रविवारी येऊन ती मूर्ती थोडी थोडी फोडून जातो. आजच्या नाटककाराला ही बारा मिनिटे लिहिता आली पाहिजेत. अजून कोणी तशी लिहिलेली माझ्या वाचनात नाहीत. बहुतेक लेखक फोन हा फक्त निरोप पोचवण्यापुरता वापरतात आणि पुढे जातात. माझाही त्यांत समावेश आहे.

यंत्राचाही एक इतिहास आहे, तो थोडक्यात पाहावा. ३१ जुलै १९९५ रोजी कलकत्त्याहून ज्योती बसूंनी दिल्लीला सुखराम यांच्याशी भारतातले पहिले मोबाईल संभाषण केले. पुढे कितीतरी वर्षे आम्ही मात्र पिवळ्या पाटीच्या एस. टी. डी. बूथवरच होतो. काचेच्या खोक्यात उभे राहून, समोरच्या लाल आकड्यांवर नजर ठेवून बोलावयाचे. रात्री दर उतरला की रांग लागायची. आकडे पळत असत म्हणून माणसे मोजके बोलत आणि महत्त्वाचे आधी बोलत. मग हातात फोन आला तरी २००३ पर्यंत आलेल्या कॉललाही पैसे पडत. त्या कंजूषपणातून आपल्या लोकांनी मिस्ड कॉल नावाची एक अलौकिक भाषा निर्माण केली. एक घंटी म्हणजे पोचलो. दोन म्हणजे खाली ये. नुसतीच एक, रात्री साडेदहाला, म्हणजे काहीच नाही, सहज आठवण आली. भाषाशास्त्रज्ञांनी तिच्याकडे लक्ष दिले नाही याचे मला वाईट वाटते. २०१६ नंतर इंटरनेट स्वस्त झाले, बोलणे जवळजवळ फुकट झाले, आणि ती भाषा मेली. फुकट झाल्यावर आपण जास्त बोलू लागलो का? माझ्या घरापुरते सांगते. भाऊ बूथवरून तीन मिनिटे बोलायचा तेव्हा आईला त्याच्या मेसमधल्या आमटीची चव माहीत असायची. आता तो रोज सकाळी तिला गुलाबाच्या फुलाचे चित्र पाठवतो.

आता मुलांविषयी. येथे मला आरोपीच्या पिंजऱ्यात उभे राहूनच बोलले पाहिजे. २०२० च्या जूनमध्ये शाळा बंद होत्या आणि आम्ही शिक्षकांनीच घरोघर निरोप धाडले की मुलाच्या हाती फोन द्या. ज्यांच्या घरी नव्हता त्यांनी कर्ज काढून घेतला. चार वर्षांच्या पोरांना मी काचेतून "येरे येरे पावसा"चे हातवारे शिकवले. दोन वर्षांनी शाळा भरली तेव्हा मुले आली, पण त्यांना एकमेकांच्या तोंडाकडे पाहून बोलण्याची सवय राहिली नव्हती. एका मुलाने शेजारच्या मुलीच्या गालावर बोट ठेवून ते सरकवले; बहुधा पुढचे चित्र येते का ते पाहत होता. वर्ग हसला. मला हसू आले नाही.

त्याच धास्तीतून आमच्या शेजारच्या सांगली जिल्ह्यात एक प्रयोग झाला. कडेगाव तालुक्यातले मोहित्यांचे वडगाव, वस्ती तीन हजारांच्या आसपास. १४ ऑगस्ट २०२२ रोजी तेथल्या सभेत ठरले की रोज संध्याकाळी सात वाजता मंदिरावरचा भोंगा वाजेल आणि साडेआठपर्यंत गावातले टी. व्ही. आणि मोबाईल बंद राहतील. मुलांनी अभ्यास करावा, मोठ्यांनी वाचावे, बोलावे. अंगणवाडी सेविका, ग्रामपंचायतीचे कर्मचारी, निवृत्त शिक्षक घरोघर समजावीत फिरले. पुढे या भोंग्याची बातमी परदेशांतही गेली.

कोल्हापूरकराला भोंगा नवीन नाही. शाहू मिलचा भोंगा ऐकत एक सारी पिढी वाढली. तो भोंगा माणसाला घराबाहेर काढून कामावर नेत असे. हा भोंगा माणसाला स्वतःच्याच घरात परत आणू पाहतो. या प्रयोगाची थट्टा मी करणार नाही. त्यात एक शहाणपण आहे, ते असे की फोन एकट्याने बंद करता येत नाही. मी एकटीने सात वाजता फोन बंद केला तर मी शिष्ट ठरते, लोक विचारतात, रागावलीस का? साऱ्या गावाचा बंद झाला की कोणालाच खुलासा द्यावा लागत नाही. म्हणजे गावाने "वाटेत असेल" हे हरवलेले निमित्त दीड तासापुरते परत मिळवले. एवढे मी त्या वडगावकरांचे ऋण मानते.

पण भोंगा गृहपाठ करून घेऊ शकेल. बोलणे करून घेऊ शकेल का? सात वाजता टी. व्ही. बंद झाला, फोन बंद झाला, आणि समोर नवरा बसला आहे. त्याच्याशी बोलावयाचे काय? ज्या घरात पूर्वीही पुरुष कट्ट्यावर आणि बाई चुलीशी असा रिवाज होता, तेथे दीड तासाची शांतता ही नुसती शांतताच राहण्याचा संभव आहे. दुसरी गोष्ट अधिक गंभीर. २०२२ मध्येच यवतमाळ जिल्ह्यातल्या बान्सी गावाने अठरा वर्षांखालच्या मुलांना मोबाईल बंद करण्याचा ठराव केला. हेतूबद्दल मला शंका नाही. पण मी बाई आहे, आणि मला ठाऊक आहे की घरात कोणतीही बंदी आली की ती आधी मुलीवर बसते, मुलावर सवडीने. शिवाय त्या मुलीच्या हातात दुसरे काय आहे? तिला कट्टा नाही, तालीम नाही, संध्याकाळी रंकाळ्यावर एकटीने फिरणे नाही. भावाचा फोन काढला तर तो मित्रांत जाईल. तिचा काढला तर तिचा शेवगाही गेला.

फोनच्या बाजूने आणखी एक साक्ष काढते. ऑगस्ट २०१९ च्या महापुरात पंचगंगेने चिखली आणि आंबेवाडीला वेढा घातला. माझी मावशी चिखलीत, माळ्यावर. वीज गेलेली. तिच्या फोनमध्ये थोडीच धुगधुगी उरली होती. ती दर तीन तासांनी फोन चालू करायची, एक मिस्ड कॉल द्यायची आणि बंद करायची. एक घंटी: जिवंत आहे. मेलेली भाषा त्या दोन दिवसांत पुन्हा बोलू लागली. तिसऱ्या दिवशी सकाळी घंटी आली नाही. आई देवापुढे बसून होती, आणि माझ्या कानावर तिचे शब्द आले, "पाण्यातनं याला येळ लागत असंल." संध्याकाळी मावशी होडीतून शिवाजी पुलाकडे आली. तिने आधी काय मागितले असेल? चहा नव्हे, चार्जर.

आणि अगदी अलीकडे, २०२५ च्या पावसाळ्यात, नांदणी मठाची महादेवी हत्तीण गुजरातला नेली तेव्हा याच फोनवरून सारा जिल्हा एका दिवसात हळहळला. लोकांनी एका कंपनीची सिमकार्डे बदलून निषेध केला, पायी मोर्चा काढला. एका हत्तिणीसाठी जे जमले ते शेजारच्या दाराआडच्या म्हातारीसाठी का जमत नाही, हा प्रश्न मी त्या मोर्चाच्या गर्दीत एका ओळखीच्या गृहस्थांना विचारला. ते म्हणाले, "बाई, हत्तीण दिसती." उत्तर उद्धट आहे, पण मी त्यावर अजून विचार करते आहे. फोन दिसणाऱ्या दुःखाभोवती माणसे गोळा करतो. न दिसणारे दुःख दाखवण्याचे काम पूर्वी घरी आलेला माणूस करीत असे: तो पाणी पिता पिता डबे रिकामे आहेत हे पाहत असे, म्हातारीचा चष्मा दोऱ्याने बांधलेला पाहत असे. पूर्वी दिवाळीला सासरवाशिणीला न्यायला मुराळी यायचा. निरोप देण्यासाठी मुराळी लागत नव्हता. तो लागत होता तिच्या हाताची हाडे वर आली आहेत का हे बघण्यासाठी. फोनने पत्राची जागा घेतली असे आपण समजतो. मला वाटते त्याने मुराळ्याची जागा घेतली, आणि ती त्याला झेपत नाही. कॅमेरा जेथे धरावा तेवढेच दिसते.

आईचा चष्मा गेल्या वर्षभर दोऱ्याने बांधलेला आहे. व्हिडिओ कॉलच्या वेळी ती तो काढून ठेवते. भावाला अजून ठाऊक नाही.

या वर्षी नवरात्रात मी पोस्टात गेले आणि पन्नास पैशांचे एक कार्ड घेतले. खिडकीवरच्या मुलाने ते शोधायला पाच मिनिटे घेतली. २०२५ मध्ये रजिस्टर पोस्टही स्पीड पोस्टात विलीन झाले. साधे कार्ड अजून आहे याचेच मला नवल वाटले. घरी येऊन भावाला लिहिले: चि. यास अनेक आशीर्वाद. आईची प्रकृती बरी. भाऊबीजेला पाट मांडते. परड्यातल्या शेवग्याला औंदा शेंग नाही.

नऊ दिवसांनी त्याचा फोन आला. हसत होता. "अक्का, कार्ड मिळालं. फोन करायचास की! आणि परडं कुठलं गं आपल्याला? आपण तर दुसऱ्या मजल्यावर." मी म्हटले, आईला विचार. त्याने आईला विचारले की नाही ते मला माहीत नाही. आई सांगत नाही. हा मजकूर छापखान्यात देईपर्यंत त्याने येतो असेही म्हटलेले नाही आणि येत नाही असेही. पाट मात्र मी माळ्यावरून काढून धुऊन ठेवला आहे.